पुंजाराम घड्याळजी यांची परवावरील स्वारी

श्रीगजानन समर्थ. काळापुढे राजे गेले, सुभे गेले, निजामशाही गेली, पैकी एकासही त्याचे मुस्कट धरिता आले नाही. ते धरावयास जो एक मर्द बदनापुरी निपजला, त्याची हकीकत फसली सन १३९५, इंग्रजी १९८६, माघ वद्यपक्षी जैसी घडली तैसी लिहिली आहे. वाचणाराने हसू आले तरी तोंडास रुमाल लावावा, कारण खाशांचे मन नाजूक.

राजश्री पुंजाराम घड्याळजी हे स्टेशनरस्त्यावरील रेडिओ, घड्याळ व टॉर्च दुरुस्तीचे दुकानाचे खाविंद. राज्य साडेसहा फुटी, तख्त एक स्टूल. दुकानातील अकरा घड्याळांत अकरा वेळा वाजलेल्या, आणि दावा मात्र काळ जिंकण्याचा. मग त्यांणी सायकलचा डायनॅमो, पंख्याची मोटार आणि कापडवाले राधेश्यामशेट यांजकडील बिघडला कॅल्क्युलेटर ऐसा सरंजाम जमवोन तीन वर्षांत कालमार्गगणक नामे यंत्र सिद्ध केले. त्याची कल्पना ऐसी की, सडकेस जैसा राजूर फाटा, तैसे काळासही फाटे असतात. कोणत्या फाट्यास वळले असता पुढे काय लागते, याचा हिशेब कॅल्क्युलेटरने करावा, दिव्यांनी दाखवावा, आणि बटण दाबिता माणसास तेथे नेऊन उतरवावे. बटणे चार: काल, आज, उद्या आणि परवा. याहून अधिक कोणास काय लागते, ऐसे त्यांणी छातीठोक सांगितले.

परंतु एक दातेरी चाक कमी पडत होते, आणि तेथेच घात जाहला. घरी भिंतीवर सगुणाबाईंचे वडील रखमाजी यांणी लग्नात दिलेले घड्याळ होते. रखमाजी वारले त्याच साली ते बंद पडले. सगुणाबाई रोज पदराने काच पुसत आणि घड्याळ चालू करून द्या म्हणत. अवघ्या बदनापूरची घड्याळे दुरुस्त करणाराचा जबाब तीन वर्षे एकच, की परवा करतो. मग रविवारी खाशांनी ते घड्याळ खाली उतरविले, पोट फाडिले आणि चाक काढिले. सगुणाबाई दळण घेऊन दारात उभ्या राहिल्या आणि हे काय म्हणोन विचारिते जाहल्या. त्यावर ज्या जिभेस त्या क्षणी लकवा भरावयास हवा होता ती वळली, आणि बोलली:

"माणूसबी गेला अन् घड्याळबी गेलं. आता चाकाचं काय घेऊन बसली?"

बाई रडल्या नाहीत, भांडल्या नाहीत. दळण डब्यात भरिले, पिशवी घेतली आणि येष्टीने राजुरास भावाकडे कूच केले. भांडल्या असत्या तर खाशांस निभावले असते. त्या मुकाट गेल्या, सबब घरात चूल गार, भिंतीवर घड्याळाचा पांढरा चौकोन, आणि ती आता येतच नाही की काय, या धास्तीने पुंजाराम दोन दिवस जेवले नाहीत.

मंगळवारी राधेश्यामशेट यांसी मसलत जाहली. शेटजींचे मत की, राजुरास जावे आणि चुकलो म्हणावे. हे ऐकोन खाशांस घाम फुटला. चुकलो म्हणणे बहुत कठीण, त्यापेक्षा काळ मागे नेणे सोपे, ऐसा ठराव जाहला. परवाचे दिवशी, म्हणजे रविवारी जाऊन तो शब्द ओठांवरच गिळावा, ऐशा मनसुब्याने चाक यंत्रात बसविले, गणपतीचे नाव घेतले आणि परवाचे बटण दाबिले. मोटार गुरगुरली, दिवे लागले, खासा स्वारी दुकानातून यंत्रासकट आपल्या घरी जाऊन आदळली.

तों घरात एक दाढी वाढलेला इसम पसाऱ्यात बसोन पेचकस फिरवीत होता. नीट पाहता तो पुंजारामच.

"रविवार ना आज?" खाशांनी विचारिले.

"गुरुवार हाय," तो इसम मान वर न करिता बोलला. "ती न्हाई आली. अजून हेच करून राह्यलो."

तेव्हा उजेड पडला. आपल्या भाषेत परवा मागेही असतो आणि पुढेही असतो. गेल्तो म्हटले की मागचा, जाईन म्हटले की पुढचा, हा निवाडा क्रियापद करिते. आणि यंत्रास क्रियापद बसवावयाचे राहिले होते. ज्या परवाचा वायदा तीन वर्षे केला, त्याच परवास यंत्राने नेऊन घातले. यात यंत्राची चूक काडीची नाही.

मग डायनॅमोच्या तारा उलट जोडोन स्वारी मंगळवारी परतली. आता मागचा रविवार एका बटणावर होता. परंतु कॅल्क्युलेटरने आधी फाट्याचा हिशेब दाखविला: शब्द गिळिला तरी फाडिलेले घड्याळ बाईंस दिसणारच, ते टाळावे तर घड्याळ उघडणे नको, घड्याळ न उघडावे तर चाक नाही, चाक नाही तर यंत्र नाही, आणि यंत्र नाही तर रविवारी जाणार कोण? शेवटी पडद्यावर शून्य आले. मग पेचकस उचलोन पुंजाराम यांणी यंत्राचे चाक काढिले, रखमाजींच्या घड्याळात बसविले, दोन थेंब तेल सोडिले, आणि घड्याळ टिकटिक करू लागले. काम पाव तासाचे निघाले. पाव तासासाठी तीन वर्षे, हे मनात येता त्यांस आपलीच लाज वाटली.

घड्याळ मांडीवर घेऊन, जालन्यास गाडी बदलोन, खासा राजुरास दाखल जाहले. मेव्हण्याचे ओसरीवर चहा आला, आणि दोन तास मुलूखमैदान तोफेचे तोंड उघडेना. शेवटी घड्याळाने चाराचे टोले दिले. सगुणाबाई आतून बाहेर आल्या, काचेवर हात ठेविला आणि डोळ्यांस पदर लाविला.

"सगुणा, चुकलो म्या," पुंजाराम बोलले. आजवरचे मोहिमेत याहून अवघड चढण लागली नव्हती.

बाईंनी घड्याळ ठेवोन घेतले आणि फर्माविले की, तुम्ही व्हा पुढं, मी परवा येईन.

परवा म्हणजे गुरुवार. तो गुरुवार तर खाशांनी डोळ्यांनी पाहिला होता, त्यात घर रिकामे होते. क्रियापद ऐकले तरी जीव थाऱ्यावर येईना. म्हणोन गुरुवारी दाढी केली, चूल पेटविली, पिठले आपल्या हाते करपविले आणि सकाळपासोन स्टँडवर ठाण मांडिले. तीन गाड्या आल्या आणि रिकाम्या गेल्या. चौथीतून सगुणाबाई उतरल्या, उराशी घड्याळ.

"दोन मिनटं मागं चालून राह्यलं हे," त्या म्हणाल्या. "कधी नीट करता?"

खाशांचे ओठांवर सवयीने परवाचा प चढला होता. तो तेथेच गिळिला, खिशातून पेचकस काढिला आणि स्टँडचे बाकावर बसोन काटा पुढे सारिला. येणेप्रमाणे फत्ते जाहली.

हे कागद सदरहू पुंजाराम यांणीच लिहिले, सबब स्वारीची शोभा जरा वाढली असेल. सगुणाबाईंनी वाचोन समासात एवढाच शेरा मारिला की, पिठलं लई करपलं होतं, ते लिहा. ते लिहिले आहे.