आवाज बसलेली तोफ

डॉक्टरांनी छोटी टॉर्च धरून घशात बराच वेळ पाहिलं, टॉर्च खिशात टाकली आणि म्हणाले, "आठवडाभर एक शब्द बोलायचा नाही."

तोफेने तोंड उघडलं. डॉक्टरांनी लगेच हात वर केला. "कुजबुजायचंसुद्धा नाही! कुजबुजण्याने घसा जास्त बिघडतो."

"अहो डॉक्टर, पण उद्या ह्यांची मॅच आहे," बायको काळजीने म्हणाली.

"असू दे की. हे थोडेच खेळणार आहेत? नुसतं बाकावर तर बसायचंय."

बाकावर बसणं म्हणजे काय, हे तोफेला ठाऊकच नव्हतं. जवानीभर तो गावातल्या क्लबकडून व्यावसायिक फुटबॉल खेळला. अव्वल फॉरवर्ड. बाहेरच्यांना वाटे, किक जोरदार म्हणून ह्याला तोफ म्हणतात. खरं कारण त्याचा आवाज होता. चेंडू हवा असला की तो "दे!" म्हणून असा गरजे, की कधीकधी समोरच्या संघातला खेळाडूही दचकून त्यालाच चेंडू देऊन मोकळा होई. त्याच्या खात्यावरचे निदान काही गोल तरी अशा दानधर्मातून आलेले होते.

पुढे गुडघ्याने दगा दिला. निरोपाचा सामना झाला, हार झाले, भाषणं झाली आणि तोफ घरी बसला. घरी बसला म्हणजे घराचाच कोच झाला. पातेलं कोणत्या शेगडीवर ठेवावं, टॉवेल कोणत्या बाजूने वाळत घालावा, भाजीवाल्याला कसं घेरावं, सगळ्याचं मार्गदर्शन सुरू झालं, तेही मैदानावरच्या आवाजात. शेवटी बायकोनेच क्लबच्या सेक्रेटरींना गाठलं आणि हात जोडले, "भाऊ, ह्यांना काहीतरी काम द्या हो." अशा रीतीने तोफ क्लबचा प्रशिक्षक झाला.

प्रशिक्षणाची त्याची एकच पद्धत होती, ओरडणं. संघ हरला की तो जास्त ओरडे आणि तो जास्त ओरडला की पोरं गांगरून आणखी हरत. हंगाम संपता संपता संघ तळाला पोचला आणि आवाज त्याच्याही खाली गेला. उद्याचा सामना शेवटचा. निदान बरोबरी तरी करायलाच हवी होती. सेक्रेटरी स्वच्छच म्हणाले होते, "हरलात तर संघ खालच्या गटात आणि तुम्ही कायमचे घरी."

'कायमचे घरी' हे शब्द ऐकून तोफेपेक्षा त्याची बायको जास्त हादरली.

"मी येते उद्या," दवाखान्याच्या पायऱ्या उतरतानाच ती म्हणाली. "तुम्ही खुणा करा, मी बोलते. संसार केलाय तुमच्याबरोबर, तुमच्या खुणा मला कळणार नाहीत?"

तोफेने दोन्ही हात जोरजोरात हलवले.

"बघा, कळलं मला. आनंद झालाय तुम्हाला."

बायको बसस्थानकावर उद्घोषक होती. कुठली गाडी कुठल्या फलाटावर लागणार, कुठली उशिरा येणार, हे ती वर्षानुवर्षं माइकवरून सांगत आली होती. गावात तिचा चेहरा फारसा कुणाला माहीत नव्हता, पण आवाज प्रत्येकाच्या कानात बसलेला होता. गोड, संथ आणि आगीच्या बंबालाही घाई न करू देणारा.

दुसऱ्या दिवशी मैदानावर पहिलीच अडचण उभी राहिली. मैदानाच्या कडेला फक्त संघातल्या माणसांनाच परवानगी होती. नवऱ्याच्या वतीने बोलणारी बायको, असं पद नियमात नव्हतं. सेक्रेटरींनी डोकं खाजवलं. संघाचा फिजिओ तापाने अंथरुणाला खिळला होता, त्याचं जॅकेट मात्र खुंटीवर होतं. पाठीवर मोठ्या अक्षरांत 'फिजिओ' लिहिलेलं ते जॅकेट बायकोच्या गुडघ्यांपर्यंत आलं.

"म्हणजे मला काय करावं लागेल?" तिने विचारलं.

"काही नाही वहिनी. कुणी पडलंच, तर थोडं पळावं लागेल."

सामना सुरू झाला. बचावाची फळी नेहमीप्रमाणे मागे चिकटून राहिली, तशी तोफेच्या अंगाची लाही झाली. त्याने मुठी आवळल्या, पाय आपटले, दोन्ही हातांनी हवा पुढे ढकलली आणि कपाळ बडवलं. ह्याचा अर्थ रोजच्या भाषेत सांगायचा तर छापण्याजोगा नव्हता. बायकोने क्षणभर पाहिलं आणि दोन्ही हात तोंडाशी नेले.

"कृपया लक्ष द्यावे. पाठीमागे उभ्या असलेल्या खेळाडूंनी थोडे पुढे सरकावे. होणाऱ्या गैरसोयीबद्दल आम्ही दिलगीर आहोत."

बचावपटू जागच्या जागी थिजले. ह्या मैदानावर आजवर त्यांच्याबद्दल कुणी दिलगीर झालेलं नव्हतं. कॅप्टन तोंड उघडं टाकून बाकाकडे बघत राहिला आणि तेवढ्यात त्याच्या शेजारून पाहुण्यांचा फॉरवर्ड निसटला. गोल!

तोफेने डोकं दोन्ही हातांत धरलं.

"प्रशिक्षकांचं डोकं दुखत आहे," बायकोने जाहीर केलं.

मध्यंतरात कपडे बदलायच्या खोलीत शांतता होती. एरवी इथे भिंतीचे पोपडे पडत. तोफ फळ्यावर बाण काढत होता आणि बायको एकेकाला पाणी देत होती.

"वहिनी," कॅप्टन हळूच म्हणाला, "सर रागावलेत का?"

बायकोने नवऱ्याकडे पाहिलं. त्याने खडू मोडला होता.

"नाही रे. म्हणतात, छान खेळताय."

पोरांचे चेहरे असे खुलले, की खोटं दुरुस्त करण्याचा धीर तोफेलाही झाला नाही. मोडलेल्या खडूचे तुकडे त्याने गुपचूप खिशात टाकले.

उत्तरार्धात पोरं खरंच जरा मोकळी खेळू लागली. पण कॅप्टन मांडी धरून खाली बसला आणि रेफरीने बाकाकडे बघून हात केला. फिजिओ!

बायकोने मागे वळून पाहिलं, फिजिओ कुठे दिसतो का ते. मग तिला आठवलं. जॅकेट दोन्ही हातांनी वर धरून, खांद्याला पेटी अडकवून ती मैदानात धावली आणि फवाऱ्याची बाटली काढून तिने कॅप्टनच्या पायावर मनसोक्त फवारा मारला.

"वहिनी, दुसरा पाय."

"मग आधी सांगायचं नाही का?"

तिने दुसऱ्याही पायावर फवारा मारला. राहू नये म्हणून गुडघ्यावर मारला, थोडा रेफरीच्या बुटावरही गेला. "आईला सांगून आलायस ना खेळायला?" एवढं तिने विचारलं मात्र, कॅप्टन ताडकन उठून धावत सुटला. प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या.

थोड्याच वेळात घरच्या संघाने गोल केला आणि रेफरीने तो ऑफसाइड म्हणून नाकारला. तोफ उसळला. त्याने स्वतःच्या डोळ्यांकडे बोट केलं, मग रेफरीकडे, मग आंधळ्यासारखे हात चाचपडत पुढे नेले.

रेफरी तरातरा जवळ आला. "काय म्हणतायत हे?"

बायको सरळ स्वभावाची. नोकरीत कधी चुकीची गाडी सांगितलेली नव्हती. "तुम्हाला दिसत नाही, असं म्हणतात," तिने नम्रपणे सांगितलं.

रेफरीने लाल कार्ड काढलं. आयुष्यभर रेफरींच्या तोंडावर वाट्टेल ते बोलून जो सुटला होता, तो शेवटी मौनात असताना मैदानाबाहेर गेला.

आता बाकावर बायको एकटी. तोफ प्रेक्षकांत जाऊन एका खुर्चीवर चढला आणि तिथून हातवारे करू लागला. "ओ, खाली बसा! आम्हाला दिसत नाही," मागचे ओरडले. त्याने वळून खुणेनेच गप्प राहायला सांगितलं. एवढ्यात पुढचे आजोबा उन्हासाठी छत्री उघडून बसले. बायकोने आशेने वर पाहिलं, तर तिला नवऱ्याच्या जागी काळी छत्री दिसली.

ती मैदानाकडे वळली. खेळातलं तिला ओ की ठो कळत नव्हतं. पण डाव्या बाजूला सगळे एकमेकांच्या पायांत पाय घालत होते आणि उजवीकडे चिटपाखरू नव्हतं, एवढं तिला दिसत होतं. तिने दीर्घ श्वास घेतला.

"कृपया लक्ष द्यावे! डाव्या बाजूला अतिशय गर्दी झाली आहे. उजवी बाजू रिकामी आहे. सर्वांनी उजव्या बाजूने पुढे जावे. आपापल्या सामानाची काळजी घ्यावी."

हा आवाज ऐकत लहानाचं मोठं झालेलं सगळं गाव क्षणभर सावरून बसलं. प्रेक्षकांत कित्येकांनी पायाशी ठेवलेल्या पिशव्या उचलून मांडीवर घेतल्या. पाहुण्यांचा संघ तर सकाळीच, तिच्या पाळीत, त्या स्थानकावर उतरून, दोन तास उशिरा येणाऱ्या गाड्यांच्या घोषणा ऐकून आला होता. त्यांच्या एका बचावपटूने नकळत वळून आपली बॅग कुठे आहे ते पाहिलं. गोलरक्षकानेही गोलाच्या जाळीमागे नजर टाकली. तेवढ्यात कॅप्टनने चेंडू उजवीकडे मारला, विंगरने तो आत वळवला आणि कुणीतरी डोक्याने ढकलला. गोल!

बरोबरी. त्यापुढे काही झालं नाही आणि काही होण्याची गरजही नव्हती.

शिट्टी वाजल्यावर पोरांनी तोफेला प्रेक्षकांतून ओढून खांद्यावर घेतलं. वरून त्याने खाली पाहिलं. बायको फवाऱ्याची बाटली नीट पुसून पेटीत ठेवत होती. इतकी वर्षं रात्री जेवताना वाट्या-चमचे मांडून तो तिला सामने समजावत आला होता. तिला त्यातलं काय कळलं असेल, हा प्रश्न त्याला आज पहिल्यांदाच पडला. घरी जाताना त्याने खुणेने तो विचारलाही.

"मला काही कळायचं नाही हो," ती म्हणाली. "पण तुम्ही खुशीत असायचात, म्हणून ऐकायचे."

तोफेने तिच्या हातातली पिशवी आपल्याकडे घेतली. ह्या खुणेचा अर्थ तिने कुणालाही सांगितला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी फोन वाजला. तोफेने उचलला, बोलता येत नव्हतं म्हणून स्पीकर लावून टेबलावर ठेवला आणि बायकोला खुणेने बोलावलं. तिने "हॅलो" म्हटलं. पाहुण्या क्लबचे अध्यक्ष होते. तोफ ताठ बसला. अशा फोनची तो निवृत्त झाल्यापासून वाट पाहत होता.

"नमस्कार मॅडम! तुमच्याकडेच काम होतं," अध्यक्ष म्हणाले. "आमचा कोच फार ओरडतो हो. पोरं बिथरतात. पुढच्या हंगामात तुम्ही आमच्या बाकावर याल का?"

तोफ खुर्चीवरून उडाला. त्याने दोन्ही हातांनी नकार दिला, मान हलवली, पाय आपटले, शेवटी फोनपुढे येऊन कोपरापासून हात जोडले.

"मॅडम? साहेबांना विचारायचं असेल तर विचारा. त्यांची काही हरकत?"

बायकोने नवऱ्याकडे नीट, वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग तोंड फोनजवळ नेलं.

"हे समोरच आहेत," ती गोड आवाजात म्हणाली. "नाचतायत आनंदाने."