रामभाऊंचा मुका सिनेमा

रामभाऊ गायकवाड सिनेमाला जाताना कानात कापसाचे बोळे घालून जात. पुढच्या बाकावर बसून गाण्यांसकट अख्खा सिनेमा ते असा बघत. बाहेर आल्यावर निकाल ठरलेला: "बोलायला लागला आणि सिनेमा बिघडला, राव."

पिंपरीच्या आमच्या कंपनीत ते प्रेस शॉपला, पत्रे ठोकून आकार देणाऱ्या यंत्रांवर होते. तिथल्या धडधडाटात आम्ही घसा फोडून बोलायचो. रामभाऊ दोन बोटांवर आणि एका भुवईवर काम भागवायचे. नवा सुपरवायझर कितीतरी दिवस त्यांना मुकाच समजत होता.

लहानपणी त्यांनी पुण्यात एक मूकपट पाहिला होता, जुन्या संस्कृत नाटकावरचा. राजा, रुसलेली राणी, खादाड विदूषक. नाटकातले संवादच काढले तर उरतं काय, असं आम्ही जेवणाच्या सुट्टीत छेडायचो. ते डबा बाजूला सारून अख्खा प्रवेश हातवाऱ्यांनी करून दाखवत. तोवर त्यांची भाजी कुणीतरी संपवलेली असे.

एका गणपतीत आमच्या कामगार मंडळानं सिनेमा दाखवायचं ठरवलं. रामभाऊंनी हट्टानं तोच मूकपट मागवायला लावला. लोक उठून जातील, असं सगळे म्हणत होते. रामभाऊंना शंकाच नव्हती.

त्या संध्याकाळी ते काळेवाडीहून एका पिकल्या केसांच्या बाईंना घेऊन आले. ही त्यांची थोरली बहीण, काशीताई. इतक्या वर्षांत त्यांनी तिचं नावही काढलं नव्हतं. पहिल्या ओळीत माझ्या बायकोशेजारी तिला बसवत ते म्हणाले, "ताईला जन्मापासून ऐकू येत नाही."

सिनेमा सुरू झाला आणि लोक कंटाळले. मागची पोरं निघालीसुद्धा. मंडळाचे सेक्रेटरी दुसऱ्या सिनेमाचं रीळ लावायला सांगू लागले, तर रामभाऊ यंत्रापुढे उभे राहिले. हा शेवटपर्यंत चालेल, एवढंच म्हणाले.

इतक्यात विदूषकानं लाडू फेट्यात लपवला आणि काशीताई खळखळून हसली. पडद्यावर संवादाची अक्षरं यायच्या आधीच. बायकोनं खुणेनं विचारलं, काय झालं? ताईनं हातांनी सांगितलं. मग पलीकडच्या बाईनं विचारलं. बघता बघता सगळी ओळ ताईकडे वळली.

मी यंत्रापाशीच उभा होतो. रामभाऊ माझ्या कानाशी म्हणाले, "पहिल्या बोलपटाला मीच तिला नेलं होतं. सगळं थेटर हसलं, अन् ही नुसती माझ्या तोंडाकडं बघत राहिली. पुन्हा कधी आली नाही."

पडद्यावर राजा-राणीची भेट झाली. रामभाऊंनी ती पाहिलीच नाही. ते पहिल्या ओळीकडे बघत होते.