देवघरातलं चीज

रुपरावांनी पिशवीतून फडक्यात गुंडाळलेला पिवळाधमक गोळा काढून पाटावर ठेवला, तशा त्यांच्या पत्नी प्रेमिलाबाई दोन पावलं मागे सरकल्या.

"काय होय जी हे?"

"चीज होय. साहेबाच्या भावानं हॉलंडहून आणलं. दुधाचं हाये, दोन वर्साचं."

"दोन वर्साचं दूध! अन् नासलं नाही?" प्रेमिलाबाईंचा हात गालावर गेला. नागपूरच्या मे महिन्यात त्यांचं सकाळचं दूध दुपारपर्यंत टिकेना, आणि हे दोन वर्षांत नुसतं कडक झालं होतं!

रुपरावांच्या कचेरीतले मधुकररावसाहेब पंधरा दिवसांसाठी दिल्लीला निघाले होते आणि त्यांचा फ्रीज ऐन उन्हाळ्यात बंद पडला होता. "थंड जागी ठेवा, ओलसर फडकं रोज बदला, स्वच्छ हातांनीच शिवा. कापायचं मात्र मी आल्यावर," असं बजावून साहेब पुढे म्हणाले होते, "हेडक्लार्कच्या जागेसाठी मला जबाबदार माणूस हवाय, रुपराव." रुपरावांची झोप तेव्हापासून उडालेली.

घरात थंड जागा एकच, ती म्हणजे देवघर. चीज देवांशेजारी पाटावर बसलं. स्वच्छ हात म्हणजे प्रेमिलाबाईंच्या लेखी आंघोळीनंतरचे हात. त्या रोज न्हाऊन फडकं बदलायच्या. वास वाढत होता, रंग गडद होत होता, पण खराब व्हायचं नाव नाही. पुसता पुसता त्यांना खरोखर भरून यायचं.

शेजारच्या यमुताई साखर मागायला आल्या आणि उंबऱ्यातच थबकल्या.

"हे काय मांडलं वं, प्रेमिला?"

"दूध होय, यमुताई. दोन वर्साचं."

यमुताईंनी आधी हात जोडले, मग हळदकुंकू वाहिलं. दुसऱ्या दिवशी गल्लीतल्या बाया फुलं घेऊन आल्या.

"अवं, साहेबाचं हाये ते!" रुपराव कळवळले.

"मंग साहेबाचंच भलं होईन," यमुताई म्हणाल्या.

पंधराव्या दिवशी साहेब रुपरावांना जीपमध्ये घालून थेट चीज न्यायला आले, तर दारापासून कोपऱ्यापर्यंत रांग! आत आरती झाली होती. देवापुढे पंधरा दिवस राहिलेला दुधाचा जिन्नस पिशवीत घालून परत कसा द्यायचा, असं यमुताईंनी विचारलं होतं आणि प्रेमिलाबाईंना ते पटलं होतं. त्या विळीवर चिरून एकेकाच्या हातावर शेंगदाण्याएवढा तुकडा ठेवत होत्या. हेडक्लार्कची खुर्ची रुपरावांच्या डोळ्यांदेखत गल्लीत वाटली जात होती.

"रुपराव!" साहेब गरजले.

"ओ भाऊ, बोंबलता काहून?" यमुताई आतून म्हणाल्या. "बूट काढा, अन् रांगेनं या."

का कोण जाणे, साहेबांनी बूट काढले. डोक्यावर रुमालही टाकला. तुकडा तोंडात गेला की माणूस जागीच थबके. देवराव टांगेवाले तर डोळे मिटून भिंतीला टेकले होते.

साहेबांचा नंबर आला. त्यांनी उजवा हात पुढे केला, तुकडा जिभेवर ठेवला आणि तो हळूहळू विरघळू दिला.

"असं चीज मी जन्मात खाल्लं नाही," ते पुटपुटले. "बाई, आणखी एक..."

प्रेमिलाबाईंनी ताटावर फडकं ओढलं. "प्रसाद एकाले एकदाच, साहेब. मागं किती लोकं हायेत, पाहा ना."

साहेबांनी ताटाकडे पाहिलं. मग डोक्यावरचा रुमाल खिशात कोंबून ते मुकाट्यानं बाहेर गेले आणि रांगेच्या टोकाला उभे राहिले. रुपराव घाबरत घाबरत जवळ आले.

"हेडक्लार्क," साहेब हळूच म्हणाले, "जरा माझ्या पुढे उभे राहा. बाईंनी ओळखायला नको."