निंबू आधा, पाना आधा

मोताळ्याचा दामू मिस्त्री इंजिनाला हात लावायच्या आधी पायातल्या वहाणा काढायचा, एक निंबू कापायचा आणि इंजिनाला विचारायचा, "उघडू काय?" मग थोडा थांबायचा. उत्तर आल्यासारखी मान हलवायचा आणि पाना काढायचा. इंजिन नाही म्हणालं ते एकदाच, आणि त्या दिवशी मोताळ्याचा बाजार होता.

मी चौथी शिकलेला माणूस, मला पंथबिंथ कळत नाही. पण दामूचा एक पंथ होता. त्यात माणूस एकच, तो स्वतः. सगळं ज्ञान चार शब्दांत: "निंबू आधा, पाना आधा." त्याचं म्हणणं असं, की मंतराची विद्या आणि मशीनची विद्या ह्या एकाच आईच्या दोन लेकी. एक देवऋष्याच्या घरी दिली, एक लोहाराच्या. दोघींची भेट घालून द्यायची, एवढंच मिस्त्रीचं काम. "नुसत्या निंबानं चालत नाही, नुसत्या पान्यानं टिकत नाही," तो म्हणे. "लोखंडाले जीव नसते, पण ओळख राह्यते. रोजचा हात कोणता, हे त्याले बरोबर समजते."

आमच्या गावातला चक्कीवाला वसंता तोंडाचा फाटका. चक्कीचं इंजिन बंद पडलं तेव्हा त्यानं त्याला शिव्या देऊन वर लाथ मारली होती. हे कळल्यावर दामू पिशवी न उघडता बसून राहिला.

"आधी माफी माग."

"कोणाले?"

"लाथ कोणाले मारली?"

"लोखंडाले माफी मागू बे?"

"नको मागू. मी चाललो."

दळणाच्या बाया टोपल्या घेऊन सकाळपासून बसलेल्या. त्यांनी वसंताला असं काही धारेवर धरलं, की त्यानं मुकाट हात जोडले. मग दामूनं डिझलची जाळी काढली, बोटभर गाळ धुतला आणि चक्की सुरू केली. वसंता चिडला. "गाळच होता नं तो? मंग माफी कायले मागाले लावली?"

"मशीनमधला गाळ मी काढला," दामू म्हणाला. "तुह्यातला कोण काढीन?"

गावात विजेचे खांब आले तेव्हा हा रबरी बूट घालून आणि मनगटाला काळा धागा बांधून खांबावर चढला. वायरमन हसला, "बूट समजले, धागा कायले?" दामू म्हणे, "बूट करंटाले सांगते, येऊ नको. धागा मले सांगते, घरी जाय." घरी त्याच्या कोणी नव्हतं, हे साऱ्यांना माहीत होतं.

पण खरी चर्चा त्याच्या मंतराची. त्या वेळची ऑइल इंजिनं दोन हातांनी सुरू करावी लागत. एका हातानं हँडल जोरात फिरवायचं आणि वेग आला की दुसऱ्या हातानं लिव्हर सोडायची. लिव्हर सोडताना दामूचे ओठ हलत. तो शब्द ऐकायला लोक कान लावून बसत, आणि नेमकं त्याच वेळी इंजिन धडधडायला लागे. मंतरासाठी वसंतानं त्याला कोंबडा कापून घातला. दामू कोंबडा खाऊन गेला.

त्या हिवाळ्यात माझी बायको गेली.

माझा डावा हात लहानपणी मोडलेला. म्हणून मळ्यातल्या इंजिनाचं हँडल मी मारायचो आणि लिव्हर ती सोडायची. मग ती घरी जायची. दुपारी इंजिनाचा आवाज थांबला, की ती चुलीवर तवा ठेवायची. मी पोचेपर्यंत पहिली भाकर फुगलेली असे.

तेरवी होईपर्यंत मी मळ्यात गेलो नाही. गेलो तर तिनं लावलेली वांगी माना टाकून उभी होती. तिच्या हातचं तेवढंच राहिलं होतं. वसंताला बोलावून इंजिन सुरू करून पाहिलं, पण ते काही बोलेना. मग दामूला निरोप धाडला.

तो आला, निंबू कापला, डिझलच्या नळीचा नट ढिला केला. डिझलमधून फेस आला, फेस थांबला तसा नट आवळला.

"हवा धरली होती, किसनभाऊ. काढली. मी हँडल मारतो, तुमी लिव्हर सोडा."

"मले जमत नाही."

"उजवा हात तर धड हाय."

"ते तिचं काम हाय."

दामू हँडल सोडून खाली बसला. "वहिनीचं नाव काय होतं?"

चाळीस वर्षं मी तिला 'ऐकलं का' एवढंच म्हणत आलो. नाव घेतलं ते लग्नात, उखाण्यापुरतं, तेही लोकांनी मागं लागून. मी तडकलो, "तुले काय कराचं नावाचं?"

"मले नाही, इंजिनाले पाह्यजे. त्याले तिच्या हाताची सवय. हात नाही, तर नाव तरी द्या."

"तुहा तो मंतर म्हण अन् कर चालू."

"तो इथं चालत नाही. तो माह्या घरचा हाय."

"म्हंजे?"

तो पान्याला लागलेलं तेल पुसत राहिला. "अनुसया," तो म्हणाला. "दुसरा मंतर मले येतच नाही."

अनुसया म्हणजे त्याची बायको. पहिल्याच बाळंतपणात गेली, बाळही गेलं. दामू त्या दिवशी चिखलीकडं कोणाचं तरी इंजिन उघडून बसला होता. इतकी वर्षं झाली, गाव विसरलं. मीही विसरलो होतो.

त्यानं उठून हँडल मारलं. मी लिव्हर धरली.

"कौसल्या," मी म्हणालो आणि सोडली.

इंजिन धडधडलं. पाणी वांग्यांकडे निघालं. आम्ही विहिरीच्या काठावर बसलो. दुपारपर्यंत शेवटचा वाफा भरला.

"बंद करता काय?" दामूनं विचारलं.

"बंद केलं, की ती तवा ठेवे."

त्यानं मागं वळून इंजिनाकडं पाहिलं. "टाकीत डिझल हाय नं?"

"हाय."

"मंग राहू द्या."

पाणी वाफ्याबाहेर पडून पांदणीच्या वाटेवर उतरलं, तरी आमच्यातलं कोणी उठलं नाही.