मॅन्युअलला हळदकुंकू

सुभाषने आपली मोटारसायकल आपणच दुरुस्त करायचं ठरवलं ते काही चिक्कूपणापायी नव्हे. डिंगोऱ्याच्या हायस्कुलात क्लार्क असलेल्या या गृहस्थाला प्रत्येक गोष्टीचं कारण लागायचं. गाडी मेकॅनिककडून परत घेताना तो विचारायचा, "काय झालं व्हतं?" मेकॅनिक म्हणायचा, "आता झाली ना चालू?" असलं उत्तर ऐकलं की सुभाषला दोन दिवस जेवण गोड लागायचं नाही. (त्याच्या बायकोला, वैजयंतीला, वाटायचं भाजीत मीठ चुकलं.)

म्हणून आधी मॅन्युअल मिळवायचं ठरलं. गाडीबरोबर आलेली पुस्तिका होती, पण ती दर पानावर "अधिकृत सर्व्हिस सेंटरशी संपर्क साधा" एवढंच शिकवायची. शोरूमवाला म्हणाला, "पुस्तक कशाला, गाडीच आणा की." इंटरनेटवर एक फुकट सापडलं ते थायी भाषेत. दुसऱ्या कुणी नाद सोडला असता. सुभाषने ते नुसत्या चित्रांवरून आठवडाभर वाचलं, आणि शेवटच्या चित्रात तिसरं चाक निघालं. अशा चिकाटीपुढे हातच जोडावेत. (आम्ही जोडतो.)

शेवटी जुन्नरला जुन्या गाड्यांचे पार्ट विकणाऱ्या राजमहंमदच्या दुकानात, एका पोत्याच्या तळाशी, खरंखुरं वर्कशॉप मॅन्युअल मिळालं. गाडीही तीच, मॉडेलही तेच.

"न्या भाऊ, वाचून आणून द्या," राजमहंमद म्हणाला. "हितं समदी पार्ट मागत्यात. पुस्तक मागणारं पयलं गिऱ्हाईक तुमी."

तेव्हापासून सुभाष रोज आंघोळ करून ओसरीवर मॅन्युअल वाचत बसू लागला. मोठ्याने, अर्थासकट. त्याची आई सारजाबाई माळ हातात घेऊन ऐकायची. इंजिनाचं तिला काही कळत नव्हतं, पण आपला मुलगा एवढ्या भक्तीने काहीतरी वाचतोय याचं तिला फार कौतुक होतं.

आता नवरात्रात, ऐन नवमीच्या दुपारी, जुन्नरला महिला भजनी मंडळांची स्पर्धा होती. डिंगोऱ्याच्या मंडळात पखवाज वाजवायची वैजयंती. सुरुवातीला नाकं मुरडणारे आता पुढे बसून माना डोलवायचे, इतका तिचा हात गोड. गेल्या साली नंबर थोडक्यात हुकला होता, म्हणून यंदा तिने बोटांना पट्ट्या बांधून सराव केलेला. मंडळाची जीप सकाळीच जाणार होती, आणि वैजयंती पतसंस्थेतून सुटणार दुपारी. तिला आणि पखवाजाला गाडीवर पोचवायची जबाबदारी सुभाषची.

पोचवायचं तर गाडी कशी लोण्यासारखी चालली पाहिजे, असं त्याच्या मनाने घेतलं. आदल्या संध्याकाळी त्याने कार्बोरेटर उतरवला, खोलला, धुतला आणि मॅन्युअलच्या आज्ञेनुसार ओसरीत पोत्यावर सुकायला ठेवला. सकाळी आंघोळ करून येतो तो पोत्यावर नुसते भाग. पान्हे, स्क्रूड्रायव्हर आणि मॅन्युअल गायब.

सगळं देवघरात सापडलं. घटासमोर विळा, कुऱ्हाड, त्यांच्या शेजारी ओळीने पान्हे, आणि मधोमध पाटावर उघडं मॅन्युअल. प्रत्येकाला हळदकुंकू, झेंडूचं फूल.

"आई, हे काय?"

"खंडेनवमी न्हाई का आज? हत्यारांची पूजा. पुस्तकाची बी केली."

"मला गाडी जोडायचीय."

"उद्या जोड. आज हत्यारांना इसावा असतो. तुझ्या आज्ज्याने आजच्या दिशी कधी खुरपं उचललं न्हाई."

सुभाष शेजारी गेला, तिथे पान्ह्यांना हार. चौकातल्या गॅरेजमध्ये गेला, तिथे टूलबॉक्सवर नारळ आणि मेकॅनिक प्रसाद वाटतोय. सगळ्या गावात मोकळा असा पान्हा नव्हता. शेवटी त्याने मोठ्या आशेने राजमहंमदला फोन लावला.

"काय सांगू भाऊ," राजमहंमद म्हणाला, "दुकानातल्या पोरांनी सकाळीच पूजा मांडली. नारळ मीच आणून दिला. आता मीच कसं उचलू?"

सुभाष घरी आला. एखादा डोक्याला हात लावून बसला असता. सुभाष देवघरात गेला आणि हात जोडून, कंबरेत वाकून उभा राहिला. दर्शनाला कुणाची ना नव्हती, आणि मॅन्युअल नेमकं कार्बोरेटर जोडायच्या पानावर उघडलेलं होतं. तो तोंडाने पुटपुटत अख्खं पान वाचायचा, बाहेर जाऊन दोन भाग बसवायचा, की पुन्हा दर्शनाला हजर. सारजाबाईचा ऊर भरून आला.

"आई, तेवढं पान उलटतेस?"

"मांडलेल्या पूजेला हात लावत न्हाईत."

हत्यारांची जागा स्वयंपाकघराने घेतली. सांडशी, उलथणं, चमच्याची मागची बाजू. स्वयंपाक चालू असल्याने या मंडळींना विसावा मिळाला नव्हता. सांडशीने बोल्ट आवळणारा माणूस अख्ख्या जुन्नर तालुक्यात दुसरा नसेल. दुपारी वैजयंती पखवाज घेऊन दारात आली आणि तेवढ्यात पहिल्याच किकला गाडी सुरू झाली.

"तुमी जोडली?" वैजयंतीने विचारलं. "सांडशीनं?" नवऱ्याकडे तिने इतक्या कौतुकाने पाहिल्याला बरीच वर्षं झाली होती. सुभाषला ते फार बरं वाटलं.

फक्त रेस कमी होईना. ती कमी करायची रीत पुढच्या पानावर होती. गाडी उभ्या जागी अशी ओरडत होती की शेजारची म्हैस दावं तोडून गेली. पण बंद करून पुन्हा सुरू होईल याची खात्री कोण देणार? तशीच निघाली. क्लच आणि ब्रेकवर जीव ठेवून, आरडाओरडा करत, सुभाषने वैजयंतीला वेळेच्या आत मांडवाच्या दारात उतरवलं. ती आत पळाली. परत न्यायचंय म्हणून त्याने गाडी मांडवाच्या कनातीमागे उभी केली आणि चालूच ठेवून तिला धरून थांबला. आत बायकोचा पखवाज चालला होता आणि त्या धडधडाटात त्याला एक बोलही ऐकू येत नव्हता. तरी तो मान डोलवत होता.

डिंगोऱ्याचा पहिला नंबर आला. वैजयंती ढाल छातीशी धरून धावत बाहेर आली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. सुभाषच्याही होतं, थोडं धुराचं, बरंचसं खरं.

"परीक्षक काय म्हणाले?" त्याने ओरडून विचारलं.

"माझ्या हाताचं लई कौतुक केलं," तीही ओरडून म्हणाली.

"आणि?"

"आन् आयोजकांना म्हणले, कार्यक्रम झाक झाला, पण फुडच्या साली मांडवामागचा जनरेटर तेवढा बदला."