खवय्याचं उपोषण

आमच्या वरच्या मजल्यावर राहणारे मुकुंदराव उपोषणाला बसणार असले, की ती खबर सगळ्यात आधी मला लागते. कारण आदल्या संध्याकाळी ते माझ्या औषधांच्या दुकानात येऊन पाचक चूर्णाची डबी घेऊन जातात.

"उद्यापासून बसतोय," ढेकर दाबत ते सांगतात. "आज जरा जास्त झालं."

जरा जास्त म्हणजे किती, ते लोणावळ्याच्या बाजारातल्या कुठल्याही खानावळवाल्याला विचारा. सकाळी मिसळ, वर कट मागून मागून. दुपारी थाळी. चारच्या सुमाराला कांदाभजी. संध्याकाळी कुणाचा साखरपुडा असला तर मठ्ठा-जिलबी, आणि नसला तर हे कुठून तरी शोधून काढतात. दुसऱ्या दिवशी हाच माणूस वडगावला तहसील कचेरीबाहेर मांडवात 'आमरण उपोषण' असा फलक लावून गंभीर चेहऱ्यानं बसलेला असतो. मी एकदा म्हटलंही, "मुकुंदराव, आमरण केलंत ते काल. आजचं नुसतं उपोषण आहे." ते इतके हसले की त्यांचा बीपी मला परत मोजावा लागला.

हो, बीपी मीच मोजते. साखरही. उपोषणकर्त्याची तपासणी रोज व्हावी लागते आणि सरकारी डॉक्टर वेळेवर येतातच असं नाही. "अहो, मी डॉक्टर नाही, फार्मसिस्ट आहे," असं मी पहिल्यांदा ओरडून सांगितलं होतं. "मशीन आहे ना तुमच्याकडे? मग झालं," म्हणाले. तेव्हापासून तालुक्यात माझी ओळख 'उपोषणाच्या बाई' अशी आहे. शिकले फार्मसी आणि नशिबी आलं हे!

मुकुंदराव मूळचे पत्रकार. पुण्याच्या एका दैनिकाचे मावळातले वार्ताहर म्हणून त्यांनी उमेदीची सगळी वर्षं घालवली. खंडाळ्याच्या घाटातले अपघात, नवलाख उंबऱ्याकडे कारखान्यांसाठी गेलेल्या जमिनी, पवनेचं पाणी, सगळं त्यांनी स्कूटरवरून फिरून लिहिलं. नोकरी सुटून जमाना झाला तरी खोड गेली नाही. कुणी काही सांगायला लागलं, की दुसऱ्याच वाक्याला त्यांचा हात वर होतो. "पहिला परिच्छेद! पहिल्या परिच्छेदात सांगा!" आमच्या वॉचमनला एकदा पाण्याची टाकी भरून वाहतेय एवढंच सांगायचं होतं. बिचाऱ्यानं गावाकडच्या मेव्हण्यापासून सुरुवात केली. आता तो मुकुंदरावांना बघितलं की लांबूनच ओरडतो, "भाऊ, टाकी वाहती! कारण मागून सांगतो!"

दुसरी खोड याहून वाईट. "दुसरी बाजू घेतली का?" एकदा मी दुकानात वैतागून माझ्या सासूबाईंबद्दल चार शब्द बोलले. यांनी विचारलं, "सासूबाईंची बाजू घेतली का?" मी म्हटलं, नाही घेतली आणि घेणारही नाही. तर हे थेट आमच्या घरी गेले, सासूबाईंशी तासभर बोलले, दोनदा चहा प्यायले आणि परत येऊन गिऱ्हाइकांसमोर मला म्हणाले, "वहिनी, त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे." आठवडाभर मी या माणसाशी बोलले नव्हते.

नोकरी सोडल्याची हकीकत मात्र ते स्वतः कधीच पहिल्या परिच्छेदात सांगत नाहीत. लांबवतात. डोंगरकडेच्या एका वाडीतल्या बाया मैलभर चढून पाणी आणायच्या. मुकुंदरावांनी त्यावर मोठी बातमी केली, फोटोसकट पहिल्या पानावर आली. अंक घेऊन स्वतः वाडीत गेले. तिथल्या एका म्हाताऱ्या आबांनी नातवाकडून ती वाचून घेतली आणि म्हणाले, "लय भारी लिवलंय भाऊ. आयकून आमालाच आमची कीव आली. पन पानी कवा येनार?"

"आबा, ते काम आमचं नाही. आमचं काम लिहिणं."

"व्हय का? मंग कुनाचं हाय?"

मुकुंदराव म्हणतात, आयुष्यात एवढे मंत्री बघितले, पण असा प्रश्न कुणी विचारला नव्हता. पुढच्या आठवड्यात ते पाण्यासाठी त्या बायांबरोबर कचेरीसमोर जाऊन बसले. संपादकांनी सांगितलं, बातमी द्या नाहीतर बातमीत बसा, दोन्ही चालणार नाही. हे बसले ते बसलेच. पगार गेला. त्यांच्या बायकोनं, कुसुमताईंनी, शाळेतल्या नोकरीवर घर ओढलं. मूलबाळ नव्हतं. कुसुमताई म्हणायच्या, "पगार गेला तर गेला, आता जेवायच्या वेळेला घरी तरी याल." तेही जमलं नाही त्यांना.

त्या पहिल्याच उपोषणात मांडवाशेजारी वडापावची गाडी होती. तळणीचा वास सरळ यांच्या नाकात. दुपारपर्यंत कसंबसं सोसलं, मग गाडीवाल्याला म्हणाले, जरा लांब लाव बाबा. तो म्हणाला, "साहेब, तुमी तुमच्या पोटासाटी माज्या पोटावर का येता?" झालं! दुसरी बाजू मिळाली. मुकुंदरावांनी उठून स्वतःचा मांडव हलवला. फलकावरही ते समोरच्याचं म्हणणं लिहितातच. वर ठळक अक्षरात मागणी आणि खाली बारीक अक्षरात 'अधिकाऱ्यांचं म्हणणं असं की'. असा आंदोलक मी तरी दुसरा पाहिला नाही. अधिकाऱ्यांनाही याच्याशी भांडावं कसं तेच कळत नाही.

त्या वाडीत आज नळ आहे. नव्या सुनांना तो कुणामुळे आला ते माहीत नाही, आणि मुकुंदराव सांगतही नाहीत. "नळाला पाणी आहे ना? मग बातमी संपली."

तीन वर्षांपूर्वी कुसुमताई गेल्या. आम्ही सगळे जाऊन बसलो, दहा-बारा दिवस डबे पोचवले. मग मुकुंदराव बाजारात मिसळ हाणताना दिसायला लागले आणि बिल्डिंगनं सुटकेचा निःश्वास टाकला. एवढा खाणारा माणूस, त्याची काय काळजी करायची!

गेल्या दिवाळीच्या सुट्टीनंतर तिकोना पेठेच्या पुढच्या एका वाडीची बस बंद झाली. त्या बसनं वाडीतल्या पोरी पवनानगरला शाळा-कॉलेजात जायच्या. मुलगे कुणाच्या तरी दुचाकीवर मागे बसून जातात, पण पोरींना कोण पाठवतो? सगुणामावशी नावाची एक म्हातारी मुकुंदरावांचं घर शोधत आली आणि चुकून आमची बेल वाजवली. तिची नात अकरावीला होती. "तिचा बाप म्हनतोय, गाडी न्हाई तर शाळा न्हाई. लगीन लावून टाकू. पोरगी रडून रडून हैरान झाली. पेपरवाले भाऊ कुटं ऱ्हात्यात?"

मी तिला वर नेलं. मुकुंदरावांनी सवयीनं हात वर केला आणि तिच्याकडे बघून खाली घेतला. मावशीनं सगळं अगदी मेव्हण्यापासून सांगितलं. यांनी ऐकलं.

दुसऱ्या दिवशी ते आगारप्रमुखांकडे जाऊन दुसरी बाजू घेऊन आले. चालक कमी आहेत आणि शेवटचा रस्ता खचलाय. तिसऱ्या दिवशी चूर्ण नेलं.

"मुकुंदराव, वय काय तुमचं? साखरेच्या गोळ्या चालू आहेत. या वेळी मी परवानगी देणार नाही," मी म्हटलं.

"परवानगी मागितलीय कुठे? बातमी दिलीय," म्हणाले आणि गेले.

सगुणामावशी मिळेल त्या टेम्पोत बसून रोज मांडवात यायची. पदराखाली भाकरी आणि चटणी. तिला उपोषण ही भानगडच मान्य नव्हती.

"भाऊ, दोन घास खावा की. आमच्या पोरीसाटी तुमी उपाशी ऱ्हायचं, ह्ये काय बरं न्हाई."

"मावशी, उपोषण आहे हे."

"असू दे की उपोशन. भाकर काय त्याला सांगायला जाती? आमी तिकडं तोंड करतो, तुमी खावा."

मुकुंदराव मान हलवायचे. ती फडकं सोडायची, परत बांधायची, परत सोडायची. मग कचेरीतला शिपाई यायचा, "साहेब, निदान लिंबूपाणी घ्या." मग तो वडापाववाला, आता म्हातारा झालेला. सगळे हात जोडायचे, हे नको म्हणायचे. साखर रोज खाली येत होती, पण चेहरा टवटवीत! मला वाटलं, तत्त्वाचं तेज म्हणतात ते हेच असावं.

शेवटच्या दिवशी मशीनवरचा आकडा फारच खाली होता. मी सलाईनसाठी फोन लावत होते, एवढ्यात आगारप्रमुख लिंबाचं सरबत घेऊन आले. सोमवारपासून बस सुरू. सगुणामावशी मटकन खाली बसली आणि रडायलाच लागली. मुकुंदरावांनी तिच्याच हातून सरबत घेतलं. सगळे टाळ्या वाजवत असताना आगारप्रमुख माझ्या कानाशी हळूच म्हणाले, "मी काल दुपारीच फोन करून सांगितलं होतं यांना. तेव्हाच सोडायला हवं होतं. फार ताणलं."

 मी मुकुंदरावांना माझ्या गाडीत घातलं आणि कामशेत मागे पडेपर्यंत कसाबसा धीर धरला.

"काल फोन आला होता?"

"हो."

"मग उठला का नाहीत? जीव वर आला होता काय? आणि ती म्हातारी! आख्खी रात्र तिनं काळजीत काढली असेल. खोटं लिहिलं नाही म्हणून मिरवता आणि हे काय केलंत?"

मुकुंदरावांनी खिडकीची काच खाली घेतली.

"वाईट केलं," ते म्हणाले. "फोन आला तेव्हा मावशी नुकतीच गेली होती. 'उद्या परत येते, उद्या तरी खावा' म्हणाली होती. वाटलं, येऊ दे अजून एकदा."

 "का पण?"

"वहिनी, कुसुम गेल्यापासून मला कुणी 'जेवा' म्हटलेलं नाही. माझं अडतं असं नाही. खातो मी, तुम्ही बघताच. पण मागून घेतो, पैसे देतो. नको म्हटल्यावर 'असं कसं, घ्या ना' म्हणणारी माणसं मला आता मांडवातच भेटतात." मग म्हणाले, "हे छापू नका."

पुढचा सगळा रस्ता मी गाडी चालवली. डोळे पुसायला दोन्ही हातांपैकी एकही मोकळा नव्हता.

सोमवारी ते पहिल्या बसनं वाडीत गेले. मावशीला खरं काय ते सांगून आले. मावशीची नात त्याच बसनं कॉलेजला गेली. मावशीनं यांना दारातच झापलं म्हणे, "येडं हाय का भाऊ तुमी? भाकरीसाटी उपाशी मरत्यात व्हय? घरी यायचं!"

रविवारी मी मसालेभात केला. डबा पाठवायला निघाले होते, मग म्हटलं, नको. डबा आजाऱ्याला देतात. जिन्यात उभी राहिले आणि सगळ्या बिल्डिंगला ऐकू जाईल अशी हाक मारली, "मुकुंदराऽव, जेवायला या!"

लगेच आले. अंघोळ केलेली, धुतलेला सदरा, केस नीट विंचरलेले. वरून भांड्याचा आवाज सकाळपासून आला नव्हता. पण उंबऱ्याशीच थांबले आणि म्हणाले, "माझं झालंय जेवण, वहिनी."

मांडवाबाहेर या माणसानं घासाला नाही म्हटल्याचं मी जन्मात पाहिलं नव्हतं. आमचे हे म्हणजे भोळा सांब, टेबलावरून म्हणाले, "बरं, मग नुसते बसा." मी त्यांच्याकडे असं बघितलं, की त्यांनी मान ताटात घातली.

मुकुंदराव उंबऱ्यातच उभे होते. आत येत नव्हते आणि जातही नव्हते.

"असं कसं?" मी म्हटलं. "दोन घास तरी घ्यायलाच हवेत."

"नको, खरंच नको."

"ते काही चालायचं नाही. पान वाढलंय मी."

त्यांनी पुन्हा मान हलवली. मी पुन्हा म्हटलं.