मेजरकडे परत

कुंदन म्हात्रे सकाळी बाथरूममध्ये जास्त वेळ बसायला लागला, तेव्हा त्याचं पोट बिघडलंय असंच घरच्यांना वाटलं. पोट ठणठणीत होतं. तो आत बसून मोबाइलमधल्या पियानोवर कॉर्ड शिकत होता. पन्नाशीला टेकलेल्या माणसानं असले नाद घरात सांगून करायचे नसतात, लोक हसतात.

कारण होती त्याची आई. सरस्वतीबाई कोपरखैरणे गावातली धवलारीण. लग्नाची गाणी, म्हणजे धवले, तिनं गायल्याशिवाय गावात हळद लागत नसे. आता मात्र तिचा गळा दमला होता. "नमीची हलद झाली का बस," तिनं सांगून टाकलं होतं. नमी म्हणजे नमिता, कुंदनच्या बहिणीची मुलगी. आयुष्यभर गाणाऱ्या आईच्या मागे आपण कधी टाळसुद्धा वाजवला नाही, याचं कुंदनला फार वाईट वाटायचं. त्या हळदीला तरी वाजवायचं, असं त्यानं ठरवलं. पण हळद पुढच्या शनिवारी होती आणि हेड ऑफिसनं त्या दिवशीची रजा नामंजूर केली होती.

ॲपमध्ये एक बाई होती. सूर एकत्र दाबले की ती कॉर्डचं नाव सांगायची. एका सकाळी मेजर नावाची कॉर्ड वाजवताना कुंदनचं एक बोट सारखं चुकत होतं आणि बाई म्हणत होती, "सस्पेंडेड."

"परत सस्पेंडेड?" कुंदन वैतागला. "आता मेजरकडे परत जायचं कसं?"

दाराबाहेर बायको, सुचिता, टॉवेल घेऊन उभी होती. तिला मेजर एकच माहीत. द्रोणागिरीच्या गोदामातला नवऱ्याचा साहेब, फौजेतून निवृत्त झालेला. नवरा सस्पेंड झालाय आणि डबा घेऊन निघतो तो नुसता दाखवायला, असं धरून ती सासूकडे धावली.

"त्यांना काही विचारू नका हां आई," तिनं सासूला बजावलं. "आधीच टेन्शनमध्ये आहेत."

रात्री कुंदनच्या ताटात पापलेटचा मधला तुकडा आला. "होतं रं पोरा, मानसाकुनच होतं," आई त्याच्या पाठीवर हात फिरवत म्हणाली. यांना आपलं वाजवणं कळलं आणि आवडलंही, असं वाटून कुंदननं अजून एक भाकरी मागून घेतली.

रविवारी बाजाराचं निमित्त करून दोघी जुईनगरला मेजरसाहेबांच्या घरी पोचल्या. सरस्वतीबाईंनी सुक्या कोलंबीची पिशवी पुढे केली.

"सायेब, ह्ये सोडे घ्या, न माज्या पोराला सोडा."

"पण त्यानं केलंय काय?"

"जे काय केलं आसंल ते पोटात घाला."

सोमवारी मेजरांनी कुंदनला केबिनमध्ये घेतलं. "कुंदन, काय केलंयस तू?"

काहीच न केलेला माणूस अशा वेळी जास्त घाबरतो आणि सापडेल ते कबूल करतो. "साहेब, गोदामात मोबाइल आणतो. बंदी आहे, माहितीये. पण फक्त जेवणाच्या सुट्टीत." आणि त्यानं पियानोच उघडून दाखवला.

"सस्पेंडेड," बाई म्हणाली. कुंदननं घाईनं बोट सरकवलं. "मेजर," बाई म्हणाली.

मेजरांना सोड्यांचा उलगडा झाला. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं, आईच्या गळ्याचं आणि शनिवारच्या हळदीचंसुद्धा.

"रजा द्यायचा अधिकार माझा नाही," ते म्हणाले. "सस्पेंड करायचा आहे. मोबाइल आणल्याबद्दल एक दिवस. शनिवार."

कुंदन नाचतच घरी आला. "सस्पेंड झालो."

"आम्हाला माहितीये," सुचिता डोळे पुसत म्हणाली. "आता तरी मन मोकळं केलंत."

मग त्यानं सगळं समजावून सांगितलं. सुचिताला पटलं. सरस्वतीबाई मान डोलावत राहिल्या; त्यांना अजूनही मेजर एकच माहीत होता.

शनिवारी मांडवात आई गायला बसली. ॲपमधल्या कुठल्याच पट्टीत ती बसेना. मनाला येईल तिथून सुरू करायची, मध्येच वर जायची. कुंदन नुसता ऐकत राहिला. इतकं नीट त्यानं आईला कधी ऐकलंच नव्हतं. अगदी शेवटी तिचा आवाज थकून एका सुरावर टेकला, आणि त्यानं एकदाच तीन बोटं ठेवली. तंतोतंत जुळलं.

आईनं वळून पाहिलं. "ह्ये काय रं वाजलं?"

"मेजर," कुंदन म्हणाला. त्याचे डोळे भरले होते.

सरस्वतीबाईंनी गडबडीनं पदर सावरला. "मंग भाईर कनाला उभं केलंस त्यांना? जेवाया बसव की."